अंबूअक्का आणि लॉजचा मॅनेजर

अंबूअक्का माणसाकडे नंतर बघायची, आधी त्याच्या कपड्याच्या आतल्या बाजूकडे. मी भाड्याने खोली मागायला तिच्या दारात उभी राहिले, तेव्हा तिने मला आत बोलावलं, पाण्याचा तांब्या पुढे केला आणि मी पाणी पीत असतानाच माझ्या कुर्त्याचा घेर उलटा करून शिलाई तपासायला घेतली. "कुटं शिवलंस गं हे? वरनं झ्याक हाय, आतनं नुस्ता गोंधळ." मला जोराचा ठसका लागला. तिने माझ्या पाठीवर थोपटलं आणि निकाल देऊन टाकला, "कापड वाया गेलंय. पोरगी बरी दिसतीय. ऱ्हा की."

अशी मी सोलापुरात, पूर्व भागातल्या तिच्या घरी वरच्या खोलीत राहायला गेले. खाली तिचा शिवणक्लास होता. साठी उलटलेली, ठेंगणी, केसांत मोगऱ्याचा तुकडा आणि ब्लाऊजला कायम दोन-चार टाचण्या टोचलेल्या. घरची भाषा तेलुगू. शिलाई मशीनशी ती तेलुगूत बोलायची, गिऱ्हाइकांशी मराठीत आणि टीव्हीतल्या माणसांशी दोन्हीत. मी ज्युनिअर कॉलेजात शिकवायचे म्हणून मला टीचर म्हणायची, पण करायची अगंतुगंच. मीही तिला तेच करायचे.

लग्नकार्यात बाकीच्या बायका नवरीचे दागिने बघायच्या आणि अक्का शालूला फॉल कसा लावलाय ते बघायची. तिला येताना पाहिलं की ओळखीच्या बायका साडीचा काठ सावरून घ्यायच्या. क्लासमधल्या मुलींना तिचा एकच दंडक होता. कुणी एखादा ब्लाऊज हातात घेऊन "छान आहे" किंवा "भिकार आहे" म्हणालं की ती ओरडायची, "उलटा करून बघितलास का? मग कशापायी बोलतीस?" आत बघितल्याशिवाय कुणाच्या कामाला नावं ठेवायची नाहीत, आणि चांगलंही म्हणायचं नाही. हा दंडक तिने एकदाच मोडला, आणि तो नेमका स्वतःच्या मुलीच्या बाबतीत.

लावण्या तिची एकुलती एक लेक, आईला अम्मा म्हणणारी. बँकेतली बरी नोकरी सोडून ती पुण्याला गेली आणि कंप्युटरवरचे खेळ बनवणाऱ्या एका छोट्या कंपनीत लागली. खेळांतली कोडी रचायची, पात्रांची बोलणी लिहायची, असं तिचं काम. नात्यातल्या कुणाच्या तरी वास्तुशांतीत एका बाईने विचारलं, लावण्या हल्ली काय करते? अक्का भरल्या पंगतीत म्हणाली, "काय करतीय? बँक सोडून लोकांच्या पोरांना नादाला लावतीय." लावण्या मागेच वाढायला उभी होती. तिने पंगत वाढून पुरी केली, संध्याकाळच्या गाडीने पुण्याला गेली, आणि त्यानंतर घरी आलीच नाही. दर रविवारी फोन मात्र करायची. जेवलीस का, गोळी घेतलीस का, पाणी आलं का. दिवाळीला ये म्हटलं की तिला काम असायचं.

"बोलतीय की," अक्का म्हणायची, "पण दारातनं बोलल्यावानी बोलतीय. आत काय येत न्हाय." हे सांगताना तिचा चेहरा इतका लहान व्हायचा की मला लावण्याचा राग यायचा आणि अक्काचाही.

लावण्याचा नवा खेळ बाहेर आला हे तिने आईला सांगितलंच नाही. मीच नेटवर वाचलं आणि न राहवून अक्काला सांगून टाकलं. ती तेव्हा हं म्हणाली नि काज करत राहिली. पण पुढच्या रविवारी दुपारी दुखऱ्या गुडघ्यांनी जिना चढून वर आली आणि माझ्या कॉटवर बसली.

"टीचर, लावण्याचा त्यो खेळ तुज्या लॅपटॉपवर येतोय का बघ की."

"येईल. पण तुला कशाला हवाय?"

"न बघता बोलले मी त्या दिवशी. आता शेवटापत्तोर बघते, मग काय ते बोलते. तवर तिला कळवायचं न्हाय. आन तू मदी तोंड घालायचं न्हाय."

यातली शेवटची अट मला सगळ्यात जड जाणार होती.

तो खेळ मराठीतही होता, आणि मराठी खुद्द लावण्यानेच लिहिलेलं होतं. पडद्यावर एका जुनाट लॉजचं चित्र. माउसचा बाण एखाद्या वस्तूवर नेऊन दाबायचं. ती वस्तू उघडते, हलते किंवा आपल्या पिशवीत येते, आणि मग दुसरीकडे कुठेतरी उपयोगी पडते. असं करत करत खालच्या काउंटरपासून गच्चीपर्यंत पोचायचं. आडवा येतो तो लॉजचा मॅनेजर. आपण एका खेळात आहोत आणि बाहेर कुणीतरी माउस धरून बसलंय हे त्याला पक्कं ठाऊक असतं. गिऱ्हाईक म्हटलं की त्याच्या अंगावर काटा येतो. "अहो बाहेर बसलेल्या," तो थेट आपल्याकडे बघून म्हणतो, "तुमच्या एकेका क्लिकपायी मला इथं उठाबशा काढाव्या लागतात."

सुरुवातीलाच काउंटरवर 'जागा नाही' अशी पाटी आणि मॅनेजर हात जोडून उभा: "खेळ संपला. कृपया घरी जा." अक्काने ते ओठ हलवत वाचलं, माउस बाजूला ठेवला, लॅपटॉप हळूच मिटला आणि उठली.

"अक्का, अगं, खोटं बोलतोय तो!"

"न्हाय म्हणतोय बिचारा. न्हाय म्हटल्यावर कुणाच्या दारात बसून ऱ्हायाचं नसतं. आन तुला मदी बोलू नको म्हटलं हुतं."

आठवडाभर तिच्या लेखी तो खेळ संपलेला होता. एवढ्याशासाठी पोरीने इतके दिवस काय केलं, याचं तिला नवल वाटत होतं. आणि मग एका सकाळी, दाराबाहेर पाणी मारता मारता, ती खालूनच ओरडली, "टीचर, पाटी दोन्हीकडनं लिहिलेली असती की गं! दुकानाची न्हाय का, चालू आन बंद!" तशीच ओल्या हाताने वर आली. पाटीवर बाण नेला, दाबला. पाटी फिरली. मागे 'जागा आहे'. मॅनेजरने कपाळावर हात मारून घेतला: "तुम्हाला कुणी सांगितलं? बाकीचे सगळे समोरूनच वाचून गेले!" अक्काला इतका आनंद झाला की तिने त्याला स्वतःचं नाव सांगितलं.

त्यानंतर दर रविवारी दुपारी, क्लासला सुट्टी असताना, कापड बेतायच्या टेबलावर लॅपटॉप मांडला जायचा. माउस ती शिंप्याच्या खडूसारखा दोन बोटांत धरायची आणि दाबताना तिचा उजवा पाय टेबलाखाली आपोआप पायडल मारायचा. मी शेजारी बसून हात चोळायचे. उत्तर नेटवर शोधून ठेवायचे आणि गिळून बसायचे. अक्काला घाई अशी कधी नव्हतीच. एखाद्या खोलीत गेली की आधी तिथल्या सगळ्या वस्तू नीट बघून घ्यायची. मॅनेजरचं बोलणं पुरं होईतो थांबायची. तो थट्टा करत असेल तर हसायची. माझ्यासारखी धडाधड क्लिक करत पुढे पळण्याची तिची रीतच नव्हती. मॅनेजरला ती घरातल्या माणसासारखी वागवायची, आणि मला वाटतं म्हणूनच त्याच्या लबाड्या तिला कळायला लागल्या.

एका मजल्यावर त्याच्या अखंड बडबडीने लिफ्टवाला वैतागून दार उघडायला तयार नव्हता. त्यावर उपाय लॉजमध्ये नव्हताच. खेळाच्या आवाजाचं बटण असतं कोपऱ्यात, ते बंद करायचं, म्हणजे मॅनेजरचा आवाज जातो. ते अक्काला लवकरच कळलं, पण तिने बटणाला हात लावला नाही.

"समोरचा बोलत असताना त्याचं तोंड बंद करायचं? बरं दिसतं का ते?"

"अक्का, तो खरा माणूस नाहीये."

"बोलतोय न्हवं माज्याशी?" शेवटी तिने बटण दाबलं ते "माफ कर रं बाबा" असं म्हणूनच. लिफ्ट वर पोचताच तिने आधी आवाज पुन्हा चालू केला.

मग ती अडकली. तिसऱ्या मजल्यावरची एक खोली. आत आलो ते सोडून दुसरं दार नाही, खिडकी नाही, आणि भिंतीच्या कडेला एक सुटलेला दोरा लोंबतोय. माझ्या आधी तो अक्काला दिसला. मला वाटलं, जिंकलं. पण तिने दोऱ्याला हातच लावला नाही; लॉजभर कात्री शोधत हिंडू लागली. स्वयंपाकघर, काउंटरचे खण, मॅनेजरचा कोट, सगळं धुंडाळलं. लोंबता दोरा ओढायचा नसतो, कापायचा असतो. ओढला की सगळी शिलाई जाते. हे तिच्या हाडांत इतकं मुरलेलं होतं की दुसरं काही तिला सुचतच नव्हतं. जे कुठल्याही पोराने पहिल्या झटक्यात केलं असतं, त्यापाशी ती चार-पाच रविवार बसून होती. आणि मी जीभ चावत.

शेवटी एकदा तिने नुसता बाण दोऱ्यावर नेऊन ठेवला. मॅनेजर धावत आला: "ओढू नका! दोरा ओढला की अम्मा हातावर पट्टी मारते!"

अक्काचा हात थबकला. "हे कुणी लिहिलं?"

"लावण्यानेच. सगळं तिनेच लिहिलंय."

तिने माउस सोडला. मग सांगू लागली. लावण्या लहान असताना मशीनखाली बसून गिऱ्हाइकांच्या कपड्यांचे दोरे ओढायची. टेबलावरची लाकडी पट्टी अक्काने उचलून मला दाखवली. "हिनंच मारायची मी. लई मारलंय गं तिला." आणि पदर तोंडाला लावून रडली. माझी लेक माझं मारणंही विसरली नाही, आणि त्याचा खेळ करून तिने लोकांना हसवलं, असं काहीसं ती रडता रडता म्हणत होती. मी तिच्या पाठीवर हात ठेवून बसले. नंतर तिने डोळे पुसले, माउस धरला आणि दोरा ओढला. भिंत उसवली, फरशी उसवली, मॅनेजरचा कोटसुद्धा उसवला, आणि मागे गच्चीचा जिना दिसला. मॅनेजर बनियनवर लाजून उभा होता. अक्का भिजल्या डोळ्यांनी खदाखदा हसली. "सगळं उसवलं, तरी काय बिघडलं न्हाय की!"

गच्चीवरचं शेवटचं कोडं तिने माझ्यामागे सोडवलं. मी चार दिवस करमाळ्याला माहेरी गेले होते, लॅपटॉप तिच्याकडे ठेवून. परत आले तर ती जिन्यातच उभी. "संपला! त्यो म्हणाला, मला सुट्टी पायजे, पण तुमी हात लावता तवर मी बसू कसा. लई ठिकाणी दाबून बघितलं. मग म्हटलं, ऱ्हाऊ दे त्याला निवांत. माउस ठेवला आन हुका लावत बसले. बघते तर त्यो झोपलेला, आन शिनेमावानी नावं वर चाललेली. लावण्याचं नाव आलं तवा मी उठून हुबी ऱ्हायले."

"मग? कसा आहे खेळ?"

"तुला कशाला सांगू? जिचा हाय तिला सांगते."

रविवारी फोन आला. अक्काने तो स्पीकरवर टाकून टेबलावर ठेवला. लावण्याने नेहमीप्रमाणे विचारलं, "अम्मा, गोळी घेतलीस?"

"घेतली. तुजा लॉजचा खेळ खेळतीय मी. त्यो मॅनेजर लई वात्रट हाय."

मग लावण्याचा आवाज आला, अगदी लहान मुलीचा झालेला. "तू खेळतीयस? अम्मा, कुठपर्यंत आलीस?"

मी "संपवला" म्हणणार, एवढ्यात अक्काने माझं मनगट घट्ट धरलं. "अडकलेय गं," ती म्हणाली. "फोनवर सांगून काय कळायचं न्हाय मला. येतीस का? दाखवतीस का?"

मी तिच्याकडे बघतच राहिले. इतके महिने एक शब्द मदतीचा न घेणारी ही बाई, आणि संपवलेल्या खेळात अडकले म्हणत होती. मला आयुष्यात भेटलेल्या हुशार माणसांत मी अक्काला पहिली धरते, ते त्या कोड्यांमुळे नाही, या एका वाक्यामुळे. आता बदली होऊन मी टेंभुर्णीला असते, पण घरात कुणाशी अबोला झाला की मला आधी तो फोन आठवतो.

शनिवारी लावण्या आली. चहा झाला, आणि लावण्याने टेबलावरचा माझा लॅपटॉप उघडून खेळ सुरू केला. मी उगाचच तिथे रेंगाळले होते. पडद्यावर काउंटर आलं, मॅनेजर आला. त्याने आमच्याकडे निरखून बघितलं आणि म्हणाला, "अरे, पुन्हा तुम्ही? मला गच्चीवर झोपवून, खेळ संपवून गेलात ना? आता आणखी काय राहिलंय?"

हे वाक्यही लावण्यानेच लिहिलेलं. ते कधी आणि कुणाला दिसतं, हे तिच्याइतकं कुणाला माहीत असणार? अक्का टेबलावरच्या चिंध्या गोळा करायला लागली. लावण्या पडद्याकडे बघत राहिली, मग आईकडे. तिचे डोळे भरून आले. तिने खुर्ची जवळ ओढली, आईचा हात धरून माउसवर ठेवला आणि त्यावर आपला हात ठेवला.

"कुठे अडकलीस म्हणालीस, अम्मा?"

"पयल्यापासनंच दाखव," अक्का म्हणाली. "मला काय बी येत न्हाय."