नांगरटीतली टिटवी आणि इटलीचे पाहुणे

मी सरांची दुभाषी झाले तेव्हा त्यांनी साठी ओलांडली होती. इटलीतल्या डोंगराळ गावात गिर्यारोहकांच्या कॅमेऱ्याच्या पेट्या वाहता वाहता ते स्वतः चित्रण शिकले. पुढं सगळं आयुष्य धुमसते ज्वालामुखी, गोठलेले समुद्र आणि वाळवंटं टिपण्यात गेलं. नागपूरला ते वाघांवर माहितीपट करायला आले होते. पण जंगलात चित्रीकरणाची परवानगी काही केल्या येईना. हॉटेलच्या खोलीत बसून माणूस कोमेजायला लागला, म्हणून मे महिन्यात एका सकाळी मी त्यांना खाप्याला, माझ्या मावशीच्या शेतावर नेलं.

शेत नांगरून झालं होतं. फक्त मधोमध खाटेएवढा तुकडा तसाच सोडलेला. सरांनी विचारलं, "हे असं का?"

"टिटवीनं अंडे देले ना तिथं," मावशी म्हणाली. "ट्रॅक्टरवाल्याले म्हटलं, वळसा घालून जा."

मी ते इंग्रजीत सांगितलं. सर सरळ गाडीतून कॅमेरा काढायला गेले.

मग आम्ही रोजच जाऊ लागलो. डोक्याला ओला दुपट्टा गुंडाळून सर धुऱ्यावर, म्हणजे शेताच्या बांधावर, बाभळीखाली पालथे पडून राहायचे.

"काहून वं, हा माणूस वाघ पाहाले आला ना?" मावशी मला विचारायची. "मंग ढेकलाईत काय पाहून राहिला?"

एकदा जेवताना सरांनी बर्फावरची गोष्ट सांगितली. आईपासून चुकलेलं सीलचं पिल्लू मरेपर्यंत त्यांनी टिपलं होतं. कॅमेऱ्यामागच्या माणसानं मध्ये पडायचं नाही, हा त्यांच्या धंद्यातला नियम.

"मंग याईले झोप कशी लागली?" मावशी म्हणाली.

मी हे सांगणारच नव्हते, पण सरांनी दोनदा विचारलं. ऐकून त्यांनी भाकरीचा तुकडा ताटात ठेवला. "नाही लागली," ते म्हणाले.

पिल्लं निघाली त्या सकाळी तिघंही धुऱ्यावर होतो. तीन पिल्लं बाहेर आली होती, चौथ्या अंड्याला तडा गेला होता. तेवढ्यात गावातलं एक कुत्रं वास घेत घेत नांगरटीत शिरलं. टिटव्या किंचाळत त्याच्यावर झेपावल्या, तरी ते हटेना. मी सरांकडं पाहिलं, तर ते जागेवर नव्हतेच! कॅमेरा चालू सोडून, टोपी हलवत, इटालियनमध्ये ओरडत ते ढेकळांतून धावत होते. दोनदा पडले. कुत्रं पळालं, आणि टिटव्यांनी मोर्चा सरांकडं वळवला. ते दोन्ही हातांनी डोकं झाकून परत पळत आले.

"अवं, वाचवणाऱ्यालेच मारून राहिल्या!" मावशी हसून हसून धुऱ्यावर बसली. मग उठून तिनं पदरानं त्यांच्या कपाळावरचं रक्त पुसलं.

पुढं परवानगी आली, वाघाचा माहितीपटही झाला. पण टिटवीवरचा छोटा माहितीपट सरांनी वेगळा केला आणि त्यात ती धावाधाव जशीच्या तशी ठेवली. त्यांच्या जुन्या सहकाऱ्यांनी ती काढून टाका म्हटलं होतं. ते म्हणाले, माझ्या सगळ्या कामात मी एवढ्याच ठिकाणी दिसतो, राहू द्या.

मी मावशीला तो मोबाइलवर दाखवला. तिनं दोनदा पाहिला.

आता गुडघ्यांमुळं सरांचं फिरणं थांबलंय. फोन आला की आधी मराठीत विचारतात, "मावशी कशी हाय?" मावशी माझ्या शेजारूनच ओरडते, "त्याईले म्हणा, येऊन जा एकदा!"