फुईने बोट ठेवलेलं चित्र

आप्पांचा फोन आला तेव्हा मी एका बटणाचा रंग ठरवत होते. पुण्यात, आमच्या संस्थेच्या दुसऱ्या मजल्यावर, दोन हिरवे रंग शेजारी शेजारी ठेवून, यातला कुठला खेड्यातल्या बाईच्या डोळ्यांना लवकर दिसेल याचा खल चालला होता. माझे वडील भरदुपारी कधी फोन करत नाहीत... "बाई, तुन्ही फुई गयी वं," एवढंच ते आधी बोलले. मी काय विचारलं ते आठवत नाही. त्यांनीच सांगितलं. सकाळी धानोऱ्याच्या घरी ओट्यावर बसल्या बसल्या ती कलंडली, शेजाऱ्यांनी जीपमध्ये घातलं, नंदुरबारच्या दवाखान्यात पोचेपर्यंत काही उरलं नव्हतं. आप्पा तळोद्याहून धावत आले तेव्हा डॉक्टरांनी त्यांना विचारलं, आधी कधी छातीत दुखल्याची तक्रार होती का? आप्पा म्हणाले, नाही. "कधीच काही बोलनी नही बिचारी," हे मला सांगताना त्यांचा बांध फुटला. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, आठ दिवस उरले होते आणि माझं गावी जायचं तिकीट काढलेलं होतं.

कधीच काही बोलली नाही. दिवसकार्याच्या त्या तेरा दिवसांत दारात आलेल्या प्रत्येकाने हेच म्हटलं. सोसणारी बाई होती, कोणाला त्रास दिला नाही, चालता-बोलता गेली, असं मरण भाग्यवानाला येतं... मी मान डोलवत होते आणि चहाचे कप पुढे करत होते. आतल्या खोलीत माझ्या पिशवीत लॅपटॉप होता, आणि त्यात फुई बोलत होती.

आमच्याकडे आत्याला फुई म्हणतात. सुमनफुई आप्पांची धाकटी बहीण. लग्न होऊन धानोऱ्याला गेली, मूल झालं नाही, तिचे यजमान, आमचे फुवा, लवकर गेले. शेत दिराकडे कसायला देऊन ती गावातल्या बायकांबरोबर टेम्पोत बसून नंदुरबारच्या मिरची पथारीवर जायला लागली. पथारी म्हणजे शहराबाहेर लाल मिरची वाळत घालायची मोकळी मैदानं. तिथे बायका दिवसभर बसून मिरचीचे देठ खुडतात. आप्पांना हे मुळीच आवडलं नव्हतं. पाटलांच्या घरची बाई मजुरीला जाते म्हणून त्यांनी दोन महिने अबोला धरला. "घरमा बठीसन काय करू? भितडासंगे बोलू का?" असं तिने विचारलं आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा टेम्पोत जाऊन बसली. तिला बोलायला माणसं लागायची. जी बाई कधी बोललीच नाही म्हणून आता सगळे हळहळतात, ती मुळात अशी होती.

मी जे शिकते त्याला मानव-संगणक संवाद म्हणतात. माणसं यंत्र कशी वापरतात, कुठे अडतात, का अडतात, हे बघण्याचं शास्त्र. फुईला हे समजावताना मी म्हटलं होतं, माणूस आणि कम्प्युटर यांचं जमतं की नाही ते मी बघते. ती खुदकन हसली. "म्हंजे तू पत्रिका दखस का? छत्तीस गुण जुळतस का त्यासना?" त्यानंतर ती सगळ्या पथारीला सांगत सुटली की भाऊची आंडेर, म्हणजे पोरगी, पुण्याला मोबाईलची लग्नं जमवते. बायका मला बघून तोंडाला पदर लावत. मला राग यायचा, आणि आता त्या रागाचीही लाज वाटते.

या शास्त्रातही भाऊबंदकी आहे. एक मत म्हणतं, माणूस हेही एक यंत्रच समजा. डोळ्यांनी घेतो, डोक्यात ठेवतो, बोटाने उत्तर देतो, तेव्हा घड्याळ लावा आणि मोजा. दुसरं म्हणतं, मोजमाप ठेवा बाजूला, त्याच्या ओट्यावर जाऊन बसा आणि तो जगतो कसा ते बघा. तिसरं म्हणतं, त्यालाच हाताशी घेऊन यंत्र घडवा. मी पहिलं मत उचललं, कारण त्यात आकडे निघतात आणि आकडे निघाले की प्रबंध लवकर पुरा होतो. पद्धत साधी होती. समोरच्या बाईला मोबाईलवर एक काम द्यायचं आणि सांगायचं की करताना मनात येईल ते मोठ्याने बोलत राहा. त्या बोलण्याची फीत करून ठेवायची. आपण मदत करायची नाही, हो-नाही म्हणायचं नाही, चेहऱ्यावरही काही दाखवायचं नाही. ती गप्प झाली तर फक्त एवढंच म्हणायचं, बोलत राहा. हे गप्प बसणं शिकायला मला एक अख्खं सत्र लागलं आणि त्यात मी वर्गात पहिली होते.

मी बनवत होते ते दवाखान्यात घरबसल्या नंबर लावायचं ॲप. वाचता न येणारीलाही जमावं म्हणून आजारांची चित्रं केली होती: ताप, खोकला, पोटदुखी, छातीत दुखणं, चक्कर. सगळ्या बायकांना एकच काम, म्हणजे तुलना करता येते. समजा तुम्हाला ताप आलाय, तर नंबर लावून दाखवा. पथारीवरच्या बायका मिळवून द्यायचं काम फुईनेच केलं, आणि मग स्वतःही बसली. कागदावर नाव येणार नाही, क्रमांक येईल, असं सांगितलं तेव्हा मात्र ती हिरमुसली. "इतलं बोलसू नि मन्हं नाव नही?" माझ्या कागदपत्रांत ती सहभागी क्रमांक चार झाली.

पहिली बैठक डिसेंबरात, तिच्याच ओट्यावर. पितळी डबा पालथा घालून त्याला टेकवून तिने माझा मोबाईल उभा केला. आधी बोट पदराला तीनदा पुसलं. "तुन्हा मोबाईल तिखट व्हई जाई." वर्षानुवर्षं देठ खुडून तिची बोटं अशी झाली होती की काचेला ती कळतच नसत, तिला दोनदोनदा दाबावं लागे. हे निरीक्षण मी मोठ्या कौतुकाने वहीत टिपलं. मग तिने चित्रांवरून नजर फिरवली आणि छातीच्या चित्रावर बोट ठेवलं. मी गप्प. तिने वर बघितलं. "माले ताप नही शे ना. मंग तापवर बोट काब्र ठेवू? माले आठे दुखस, छातीमा. जिना चढनी का दगड ठेयेल गत व्हस." मी नियम मोडून म्हणाले, "फुई, नुसतं समजायचं ना." ती म्हणाली, "नुसतं काब्र समजू? जे शे ते सांगस." मला हसू आलं. संध्याकाळी वहीत लिहिलं: सहभागी चार, चुकीची निवड. कारण, छातीचं चित्र जास्त ठळक असावं.

आमचे सर पहिल्याच दिवशी सांगायचे की वापरणाऱ्याची चूक कधीच नसते, चूक आपल्या रचनेची असते. मला हे फार उदार वाटायचं. त्याच उदारपणे मी रचना सुधारली. छातीचं चित्र लहान केलं, दुसऱ्या पानावर खाली ढकललं, आणि तापाचं चित्र मोठं करून मधोमध आणलं. संक्रांतीच्या सुमारास दुसरी बैठक झाली. फुईने पहिलं पान बघितलं, बोट अधांतरी धरलं आणि विचारलं, "ते छातीवालं चित्र कोठे गये वं?" मी शिकवल्याप्रमाणे गप्प. ती शोधत राहिली. मागे गेली, पुढे आली, चुकून ॲपच बंद केलं, परत उघडलं. मध्ये तिला ठसका लागला आणि ती छाती धरून थांबली. पथारीवरच्या बाईला ठसका लागला तर आमच्याकडे कोणी मान वळवूनही बघत नाही. मिरची आहे, ठसका लागणारच. अख्खं नंदुरबार हिवाळाभर खोकतं. मी तिला पाणी दिलं आणि फितीतला तेवढा तुकडा व्यत्यय म्हणून मोजणीतून वगळला. अखेर तिला ते चित्र सापडलं. केवढी खूश झाली! वहीत मी लिहिलं: पुन्हा चुकीची निवड, शोधण्यात फार वेळ गेला.

होळी झाल्यावर तिसऱ्यांदा गेले. या वेळी ती थकलेली दिसली. मला वाटलं, होळीचं काम, डोंगरातल्या काठी गावची होळी बघायला रात्रभर जीपने हिंडली असेल, ती हौशीच होती. तिने बोट पुसलं, मोबाईल डब्याला टेकवला, माझ्या चेहऱ्याकडे एकदा नीट बघितलं आणि सरळ तापाच्या चित्रावर बोट ठेवलं. नंबर लागला. "झाये? आते व्हयनं ना तुन्हं काम?" मी टाळी वाजवली. खरंच वाजवली, आवाज फितीत आहे. पिशवीतला लाडवांचा डबा काढून तिला दिला. तिने एक लाडू मोडून अर्धा माझ्या तोंडात घातला. पुण्यात मी दाखवलेल्या तक्त्यात चुकांची रेघ खाली उतरत गेली होती आणि सर म्हणाले होते, सुंदर.

काय सुंदर होतं त्यात? एक बाई दोनदा खरं सांगते. ज्या यंत्रात तिच्या दुखण्याचं चित्र आहे, त्या यंत्रापुढे बसून, मोठ्याने, तिच्या भाषेत, मला समजणाऱ्या भाषेत सांगते. मी ते चित्र तिच्यापासून लांब नेते. ती ते शोधून पुन्हा सांगते. तिसऱ्या वेळी तिला कळतं की भाचीला हे नको आहे, भाचीला ताप हवा आहे, आणि ती मला ताप देते. तिच्यासारख्या हट्टी बाईला, जिने आप्पांचं ऐकलं नाही, तिला मी तीन बैठकांत गप्प बसवलं. एवढं तर पथारीवरच्या मुकादमालाही जमलं नव्हतं.

तेराव्यानंतर पुण्याला येऊन मी सरांना सगळं सांगितलं. त्यांच्याही डोळ्यांत पाणी आलं, ते वाईट नाहीत. मग म्हणाले, हे पद्धतीची मर्यादा म्हणून प्रबंधात लिही. मर्यादा! माझी एक मैत्रीण ओट्यावर बसणाऱ्या मताची आहे. ती म्हणाली, तू मोजण्याऐवजी तिच्यासोबत राहिली असतीस तर ऐकू आलं असतं. मी तिच्यासोबत राहिले होते. लहानपणी दर आखाजीला फुई माहेरी यायची, मला मांडीवर घेऊन झोक्यावर बसायची, मी तिच्या गोधडीत झोपायचे. आणखी किती जवळ जाऊन राहायचं असतं माणसाच्या? कुठल्या मताने मला वाचवावं अशी माझी लायकी नाही, आणि तिला वाचवायची वेळ निघून गेली. डॉक्टर म्हणाले होते, आधी दाखवलं असतं तर... आणि पुढे बोलले नव्हते. ते पुढचं वाक्य मी रोज पुरं करते.

तिचं घर आता दिराने बंद केलं आहे. निघताना मी ओट्यावरचा तो पितळी डबा मागून आणला. इथे टेबलावर तो पालथाच ठेवलाय. त्याला मोबाईल टेकवते आणि फिती लावते. ताप, खोकला, पोटदुखी यांची बटणं अजून तशीच आहेत, कुठला हिरवा ते ठरलेलं नाही. कोणी मला सांगतं, ॲप पूर्ण कर, इतर बायकांना उपयोग होईल. होईलही. मला बोट लावता येत नाही.

आप्पा दर रविवारी पुरवणी वाचतात, आधी शब्दकोडं सोडवतात आणि मग शेवटच्या पानापासून पुढे येतात. हे पानही येईल त्यांच्या हाती. मला हे त्यांना फोनवर सांगता आलं नाही, तेराव्याला समोर बसूनही नाही, म्हणून छापून सांगते आहे. भित्री माणसं असंच करतात. बहिणीने आपल्याला काही सांगितलं नाही, परकं मानलं, असं ते मनाला लावून बसलेत, जेवत नाहीत असं आई म्हणते. आप्पा, तिने परकं मानलं नाही. तिने आपल्याच घरात सांगितलं, तुमच्या मुलीला सांगितलं. तुमचा फोन येईल तेव्हा मी तुम्हाला दुसरी फीत ऐकवीन, अकराव्या मिनिटापासून. ठसका थांबलाय, भांड्यातून पाणी प्यायल्याचा आवाज येतो, मग काहीच नाही. ती छाती धरून बसली आहे, पण आवाजात ते दिसत नाही. मग माझा आवाज येतो, शांत, शिकवलेला.

"बोलत ऱ्हाय, फुई."

आणि ती म्हणते, "मी बोलीच त ऱ्हायनी वं, माय..."