पत्र्याच्या पाव्हण्याचा कौल

माझ्या नवऱ्याने यंत्रमानव बनवला तो आपल्या आईच्या ज्वारीच्या डब्यांचा. दोन डबे छातीपोटाला, एक डोक्याला, हातापायांना पन्हाळीचे तुकडे. आत्याबाईंनी, म्हणजे माझ्या सासूने, ज्वारी पोत्यात ओतून डबे काढून दिले आणि पुढे चार दिवस कुणाशी धड बोलल्या नाहीत. सांगलीत आमचं रेडिओ दुरुस्तीचं दुकान होतं. दुष्काळ सरून दोन-तीन वर्षं झाली होती, म्हसवडच्या यात्रेला पुन्हा माणूस लोटू लागलं होतं, आणि तिथे तंबू ठोकून पाढे म्हणणारं यंत्र दाखवायचं असं नवऱ्याच्या मनाने घेतलं होतं.

यंत्राला अर्थातच काही येत नव्हतं. त्याच्या मागे काळा पडदा, पडद्यामागे स्टुलावर मी, हातात माइक आणि माइकपुढे रॉकेलचं नरसाळं. नरसाळ्यातून बोललं की आवाज बाईचा की बाप्याचा ते कळायचं नाही. मी डी.एड. झालेली, पाढे तोंडपाठ. नवरा चार माणसांत बोलायला उभा राहिला की त्याची बोबडी वळायची. त्यामुळे आत कोण बसणार यावर वाद झालाच नाही. तो बाहेर दोरी धरून एकेक माणूस पुढे सोडायचा.

यंत्राचे डोळे म्हणजे ट्रकच्या बॅटरीवर लागणारे दोन लाल बल्ब. त्याला डोळा मारता यावा म्हणून नवऱ्याने दोन्ही बल्बांना वेगवेगळं बटण दिलं होतं. घोटाळा तिथेच झाला.

पहिल्याच दिवशी एक पागोटेवाले म्हातारबाबा पुढे आले. काही विचारीनात, नुसते बघत राहिले. मी गमतीने त्याचा उजवा डोळा पेटवला. त्यांनी पायताण काढलं, हात जोडले आणि मागे वळून म्हणाले, "उजवा दिला रं."

आमच्याकडे देवाला कौल लावतात. मूर्तीच्या दोन्ही अंगांना फुलं चिकटवायची आणि मनातलं विचारायचं. उजवं फूल आधी पडलं तर होकार, डावं पडलं तर नकार. बाबांनी मनात काय धरलं होतं कोण जाणे, पण दुपारपर्यंत तेवीस नव्वे किती विचारणारं एकही माणूस उरलं नाही. सगळे कौल मागायला येऊ लागले. मी यंत्राच्या मागे त्याच्याच दिशेला तोंड करून बसायचे, म्हणून माझा उजवा तो त्याचा उजवा, एवढी तरी सोय होती.

त्याला लोक पत्र्याचा पाव्हणा म्हणत. सुट्टीवर आलेला एक फौजी रांगेतल्यांना दटावत होता, "आवं, ह्यात बॅटरी हाय, वायरिंग हाय, देव कुठला?" सगळं नीट समजावून झाल्यावर तोच पुढे सरकला आणि हळूच म्हणाला, "पाव्हणं, बदली जवळपास हुईल का?" मी उजवा दिला. एका बाईने विचारलं, पोराचा ताप आठ दिवस उतरत नाही, साताऱ्याला मोठ्या डॉक्टरकडे न्यावं का. तिलाही उजवा दिला, वर नरसाळ्यातून "आजच न्या" असंही सांगितलं. आणि घरी धडधाकट बायको असताना दुसरी करू का म्हणणाऱ्या एका बागायतदाराला मी डावा असा दाबला की बटण आत रुतून बसलं. नवऱ्याला ते पकडीने ओढून काढावं लागलं.

मला याची लाज वाटली नाही, आजही वाटत नाही. हल्ली माणसं फोनमधल्या यंत्राला मनातलं सांगतात, आणि शहाणे लोक म्हणतात, भुलली बिचारी. भुलत कुणी नाही. त्या रांगेतल्या निम्म्यांना ठाऊक होतं की पडद्यामागे कुणीतरी आहे. पण माणसाला विचारलं की तो आधी आपल्याला जोखतो आणि संध्याकाळी गावभर सांगतो. पत्र्याच्या पाव्हण्याला ना गाव, ना भावकी. एवढ्यासाठीच लोक त्याच्यापुढे मोकळे व्हायचे.

दुसऱ्यांना मी धडाधड कौल देत होते. माझा स्वतःचा कौल मात्र दहा दिवस अडकून पडला होता. पाटणच्या खोऱ्यातल्या एका शाळेवर शिक्षिका म्हणून माझी ऑर्डर आली होती. यात्रा संपल्याच्या दुसऱ्या दिवशी हजर व्हायचं होतं, नाहीतर जागा गेली. तिथे एकटीने राहायचं, महिन्यातून एकदा सांगलीला यायचं. नवरा म्हणाला, आई म्हणेल तसं. आत्याबाईंनी कागद देव्हाऱ्यात ठेवला आणि त्यावर अक्षर काढलं नाही. मीही विचारलं नाही. हट्टी मी पहिल्यापासूनच. पण त्या नोकरीसाठी जीव तुटत होता, हे खरं.

यात्रेच्या शेवटच्या दिवशी दुपारी रांगेत आत्याबाईंचा आवाज ऐकला. देवदर्शन करून त्या सरळ आमच्या तंबूत आल्या होत्या. पडद्याच्या फटीतून पाहिलं. डोक्यावर पदर, पायांत काही नाही, आपल्याच ज्वारीच्या डब्यांपुढे हात जोडून उभ्या. नवरा दोरी धरून गोठला होता.

"सुनंला नोकरीचा कागद आलाय," त्या खणखणीत आवाजात म्हणाल्या. "लांब हाय. धाडू का नगं?"

सगळ्या यात्रेचा फैसला करणारी मी, पण हे मला पटेना. असली चोरटी परवानगी मला नको होती. मी माइक-नरसाळं बाजूला केलं आणि पडद्याला तोंड लावून हळू म्हटलं, "आत्याबाई, आत मी हाय."

"ठावं हाय मला," त्या तितक्याच हळू म्हणाल्या. "तू गप बस. तुला इचारलं न्हाई म्या."

मग मला कळलं. त्या हो म्हणाल्या असत्या तर भावकी म्हणाली असती, म्हातारीने तरण्या सुनेला घराबाहेर काढलं. नाही म्हणाल्या असत्या तर जन्मभर माझं फुगलेलं तोंड बघावं लागलं असतं. दहा दिवस त्या एकट्या ते ओझं वागवत होत्या, आणि मी मनातल्या मनात त्यांच्यावर दातओठ खात होते.

मी माइक-नरसाळं परत जागेवर घेतलं आणि उजवा दाबला.

आत्याबाई रांगेकडे वळल्या. "उजवा दिलाय. समद्यांनी बघितलं न्हवं?"

"व्हय, व्हय. उजवाच," लोक म्हणाले.

एवढ्यावर त्या जातील असं वाटलं. पण त्या पुढे आल्या, यंत्राच्या पत्र्यावर हात ठेवला आणि त्याला म्हणाल्या, "लय गुणाची हाय माझी सून. तिच्या तोंडावर म्हनलं तर डोक्यावर बसंल. म्हनून तुला सांगती."

मला हुंदका आवरला नाही. माइक चालू होता. हुंदका तंबूभर घुमला.

"पाव्हणा रडतोय गं," मागची एक बाई म्हणाली.

"रडू दे," आत्याबाई म्हणाल्या. "लांब जायचंय."