अप्पांचा पूजेतला आवाज

हुमनाबादेत ज्या लोखंडाच्या कारखान्यात मी रिबिटं धरायचं काम केलं, तिथं खाजगी असं काही बोलताच येत नसे. कारण सरळ होतं. मालकापासून भट्टीवाल्यापर्यंत सगळ्यांचे कान गेलेले होते. पत्र्यावर घण पडत राहिला की माणसाला आधी हळू बोललेलं ऐकू येईनासं होतं, मग नेहमीचं, आणि शेवटी बायकोचं. शेवटचा टप्पा हा तोटा नसून बक्षीस आहे, असं आमचे घण मारणारे अण्णा म्हणायचे. बहिरा माणूस दुसऱ्यालाही बहिराच समजतो. त्यामुळे आमच्याकडे उधारीपासून मूळव्याधीपर्यंत सगळं ओरडून बोललं जाई, आणि समोरचा चहावाला, त्याच्या बाकड्यावरचे लॉरीवाले, मोटारीची वाट बघणारे उतारू सगळे मन लावून ऐकत. मालकांची मूळव्याध लॉरीत बसून हैदराबादपर्यंत जाऊन आली असेल.

मालकांना आम्ही अप्पा म्हणत असू. गळ्यात लिंग, कपाळावर विभूती. घरात कानडी, दुकानात मराठी, कचेरीत उर्दू. तिन्ही भाषा ते एकाच पट्टीत बोलत, नदीपलीकडच्या माणसाला हाक मारावी तशा. अपवाद फक्त पूजेचा. कारखान्यामागच्या खोलीत सकाळी तळहातावर लिंग घेऊन बसले की त्यांचा आवाज इतका मऊ होई की हाच का तो माणूस, असं वाटावं. देवाचे कान अजून शाबूत आहेत, अशी त्यांची श्रद्धा असावी.

मी त्या मुलखातला नव्हे. चिपळूणच्या खालच्या अंगाला माझं गाव. इंग्रजी तिसरीत शाळा सुटली. मी तिला सोडलं की तिनं मला, यावर आमच्या घरात एकमत झालं नाही. मग सोलापुरात हॉटेलात कपबश्या धुतल्या, एका वखारीत पोती शिवली, आणि दोन्हीकडून निघून एका लॉरीवाल्याच्या कृपेनं हुमनाबादच्या नाक्यावर उतरलो तेव्हा मला चांगली मिशी होती आणि दुसरं काही नव्हतं. "हा कुठं टिकायचा नाही," असं वडील सगळ्या वाडीला सांगत. त्यांचं बोलणं खरं होऊ नये एवढ्याचसाठी मी टिकायचं ठरवलं होतं.

टिकण्यासारखं होतंही. रात्री झोपायला कारखान्यातच जागा, अप्पांचं जुनं घोंगडं, आणि दोन वेळची ज्वारीची भाकरी अण्णांच्या घरची. अण्णांची बायको, आम्हा सगळ्यांची अक्का, माझ्या भाकरीबरोबर शेंगाचटणीचा गोळा बांधून द्यायची आणि वर म्हणायची, "भातखाऊ गडी हाय, भाकरी मोडायचं कळतंय का न्हाई देव जाणे." त्या चटणीवर मी जगलो. पण सुख मिळालं की मला ते जाण्याची धास्ती लागते, हा माझा जुना आजार. काम गेलं तर झोपायची जागा, घोंगडं, भाकरी आणि अक्का, सगळं एकाच दिवशी जाईल, हे मला रोज उठल्याबरोबर आठवायचं.

आम्ही बनवायचो ते मुख्यतः गुऱ्हाळाच्या काहिली, म्हणजे उसाचा रस आटवायच्या मोठ्या उथळ कढया. जाड पत्रे कापायचे, वाकवायचे, कडेला भोकं पाडायची आणि तापवलेल्या रिबिटांनी, म्हणजे टोपीच्या जाड खिळ्यांनी, एकमेकांना जोडायचे. काहील दगडांवर पालथी घालून मला तिच्याखाली बसवत. भट्टी सांभाळणारे चाचा तिच्यातून लाल रिबिट सांडशीनं माझ्याकडे फेकत. मी ते भोकातून वर सारून खालून लोखंडी ठोकळा टेकवायचा आणि वरून अण्णांचा घण पडायचा. देवळातल्या घंटेच्या लोलकाला बोलता आलं असतं तर माझी अवस्था त्याला सांगता आली असती. म्हणून पहिल्याच दिवशी मी जिनिंगच्या आवारातून कापूस वेचून आणला आणि कानात कोंबला. त्यावरून मला चिडवायचं दोघांनी कधी सोडलं नाही.

"ए कोकनी, कान में रुई डालको बैठा, सरदी होती क्या तेरेकू?" चाचा ओरडायचे.

"न्हाई चाचा," अण्णा ओरडायचे, "लगीन व्हायचंय त्येचं. कान जपायलाय. झाल्यावर सवताच काढून फेकंल!"

धंद्याचं म्हणाल तर पोलिस ॲक्शननंतर तो खूप चालला होता. सगळे सगळ्यांना भीत होते, आणि भ्यायलेला माणूस आधी खिडकीला गज बसवतो. ह्या आळीचे त्या आळीला भिऊन गज न्यायचे, त्या आळीचे ह्या आळीला भिऊन. चाचांनी दोघांचे गज एकाच भट्टीत तापवले. लोखंड परमिटावर मिळे, आणि परमिट शेतीच्या अवजारांसाठी असे. त्यामुळे कागदावर ते सगळे गज नांगराचे फाळ होते, आणि कागद बघितला तर आमचा तालुका नांगरटीशिवाय काहीच करत नव्हता. पैसे घेताना अप्पा कलदार म्हणजे इंग्रजी रुपये मागत, आम्हाला देताना निजामाचे हलके हाली देत, आणि दोन्ही शेवटी रुपयेच, असं मोठ्यानं समजावत. मग हळूहळू लोकांची भीती ओसरली. चांगलीच गोष्ट, पण आमचा बाजार बसला. राहिल्या फक्त काहिली, आणि त्याही सोलापूरहून तयार येऊ लागल्या.

अशात अप्पांचे मेहुणे गुलबर्ग्याहून आले. अप्पांनी त्यांना भंगाराच्या ढिगामागं नेलं, आजूबाजूला बघितलं, तोंडाशी हात धरला आणि गरजले, "कुनाला कळू द्यायचं न्हाई!"

अण्णांचा घण थांबला. चाचांचा भाता थांबला. रस्त्यापलीकडं चहावाल्यानं गाळणी खाली ठेवली.

"ग्यासचं वेल्डिंग आणायलोय! मानूस एकच लागतोय! गुऱ्हाळं सुरू झाली की रिबिटवाल्या तिघांला सुट्टी!"

मेहुण्यांनी आमच्याकडं बघून अप्पांना कोपर मारलं. अप्पा वळले, आणि ओरडले, "कामून थांबलाव? घरचं बोलायलोय!"

त्या संध्याकाळी चहावाल्यानं माझ्याकडून पैसे घेतले नाहीत. फुकटच्या चहानं माझी झोप उडाली.

पंधरवड्यात गॅसवाला आला. हैदराबादचा तरुण, डोळ्यांवर काळा चष्मा, सोबत ऑक्सिजनची नळकांडी आणि कार्बाईटचा डबा. त्या डब्यात पाणी पडलं की असा वास सुटे की चाचा म्हणाले, "इसमें कोई मरको पड़ेला है क्या?" बाकी माणूस गुणी होता. त्याची निळी ज्योत पत्र्यावरून फिरली की दोन कडा लोण्यासारख्या एक होत. पण त्याची एक अडचण होती. ज्योत बरोबर लागली की नाही, ते तो तिच्या आवाजावरून ओळखायचा.

"अण्णा, थोडा चूप बैठो," तो ओरडून म्हणाला. "लौ की आवाज सुनना पड़ता."

"ऐक की बाबा," अण्णा म्हणाले. "तुला कुनी अडवलंय?" आणि रिबिट नसलेल्या पत्र्यावरच घण घालत राहिले.

दोन दिवस हे युद्ध चाललं. ज्योत पेटली की घण सुरू, ज्योत विझली की अण्णांना पाणी प्यावंसं वाटे. शेवटी अप्पांनी सकाळ आम्हाला आणि दुपार त्याला वाटून दिली. अण्णा दुपारी तिथंच आडवे होऊ लागले, तर घोरण्याचाही ज्योतीला त्रास होतो, अशी तक्रार आली.

गॅसवाल्याची पहिली काहील झाली आणि अण्णांचा चेहरा उजळला. उष्णतेनं पत्रा ठिकठिकाणी फुगला होता.

"पापड चांगला भाजलाय!" अण्णा रस्त्याला ऐकू जाईल असं म्हणाले. "लोणचं आना की कुनी!"

तो पापड घणानं ठोकून सरळ करायचं काम अर्थात अण्णांवरच आलं. शिव्या देत, पण त्यांनी तो असा सपाट केला की गॅसवाल्यानं चष्मा काढून बघितला.

मग एक रिबिटाची काहील आणि एक गॅसची, अशा दोन्ही गाडीत घालून अण्णा नि मी राजेश्वर गावच्या एका गुऱ्हाळावर गेलो. दोन्हींत रस आटवून बघायचा आणि कोणती बरी ते तिथल्या गुळव्यानं सांगायचं, असं अप्पांनी ठरवलं होतं. आमचं नशीब आता त्या गुळव्याच्या हातात होतं. गुळव्या म्हणजे रस गुळाला आला की काहील उतरवायची ती वेळ सांगणारा माणूस. त्याच्यापुढं गुऱ्हाळाचा मालकही गप्प बसतो. घण नव्हता म्हणून मी कानातला कापूस काढून खिशात ठेवला होता.

मी मनातल्या मनात गॅसच्या काहिलीला गळती लागो म्हणून गावच्या देवाला नारळ बोललो. देव लांबचा, नारळ त्याहून लांब. काहील थेंबभरही गळली नाही. दोन्हींतला गूळ गार करायच्या वाफ्यात ओतल्यावर गुळव्यानं आमच्या काहिलीत बोट घातलं आणि रिबिटाच्या डोक्याभोवती चिकटलेला करपट गूळ नखानं खरवडून अण्णांपुढं धरला.

"अण्णा, तुमचं भांडं मजबूत हाय," तो म्हणाला. "पर दर आधनाला वाटीभर गूळ ह्येच खातंय. त्ये दुसरं गुळगुळीत हाय. खुरपं फिरवलं की साफ."

"काय म्हणलाय?" अण्णांनी मला विचारलं.

मी ओरडून सांगितलं.

अण्णांनी गुळव्याचं बोट धरलं, त्यावरचा करपट गूळ जिभेला लावला आणि बराच वेळ चघळला. "खरं हाय त्येचं," ते म्हणाले. परतीच्या वाटेवर ते पुन्हा तेवढंच बोलले, तेही बैलाला उद्देशून.

कारखान्यात उतरल्यावर अप्पांनी काय झालं विचारलं. अण्णांना खोटं बोलता येत नसे, हळू बोलण्याचा तर प्रश्नच नव्हता. "तुमच्या ग्यासची काहील लई भारी!" ते ओरडले. "गूळ चिकटत न्हाई! गुळव्या म्हणला, असली काहील कुठं बघितली न्हाई!" चहावाल्याच्या बाकड्यावरची सगळी माणसं आमच्याकडं बघत होती. अप्पा आत गेले.

अण्णा नि चाचा हौदापाशी आमच्याकडं पाठ करून हातपाय धूत होते. मी त्यांच्या मागं उभा होतो. अप्पा पुन्हा बाहेर आले, आमच्याजवळ थांबले, जमिनीकडं बघितलं आणि बोलले. तो पूजेतला आवाज होता. माणसांसाठी वापरलेला मी पहिल्यांदाच ऐकला.

"अण्णा, चाचा... उद्यापास्नं तुमी येऊ नगा. ह्यो पोरगाबी. माझ्यानं हुईना आता. वाईट वाटून घेऊ नगा."

हौदात पाणी पडत होतं. कुणी वळलं नाही. अप्पांनी उपरण्यानं तोंड पुसलं आणि आपण सांगून मोकळे झालो अशा समजुतीनं घराकडं निघून गेले.

माझे कान तेवढे धड होते आणि त्या क्षणी मला त्यांचा फार राग आला. चिपळूणची एसटी, वडिलांचा चेहरा आणि अक्काच्या चटणीचा गोळा, हे सगळं एकदम डोळ्यांपुढं आलं. अण्णा वळले तेव्हा दाढीवरून पाणी गळत होतं.

"काय म्हणलाय रं अप्पा?"

"उद्या लवकर या म्हणाले!" मी ओरडलो. "काम फार आहे म्हणाले!"

चाचांनी अण्णांकडं बघितलं. "मैं बोला था ना? आदमी दिल का अच्छा है."

दुसऱ्या दिवशी उजाडायच्या आत दोघं हजर. चाचांनी भट्टी पेटवली. आता रिबिटं नाहीत हे कुणी सांगायची गरज नव्हती. अण्णांनी स्वतःच गॅसच्या काहिलीसाठी नवा पत्रा ओढला आणि कड वाकवायला घेतली. मागच्या खोलीतून तो मऊ आवाज येत होता. एवढ्या दिवसांत कानडी कानावर पडून मला शब्द कळत होते. कानडीत अप्पा देवाला सांगत होते की तीन माणसांच्या पोटावर पाय दिला, सांभाळून घे.

मग दार उघडलं आणि ते बाहेर आले. विभूती ताजी होती. तिघं समोर पाहून ते जागच्या जागी थांबले. देवानं नैवेद्य उचलून परत ताटात ठेवला, तर जसं तोंड होईल तसं त्यांचं झालं. त्यांनी काहीतरी म्हटलं, तेही हळूच. अण्णांनी कानाला हात लावला. "आं?"

आता ओरडायला हवं होतं. पण समोर चहावाला फळ्या काढत होता. त्याच्या बाकड्यावर मुडबी गावचे दोन शेतकरी येऊन बसले होते. कालचं अण्णांचं ओरडणं कुणीतरी त्यांच्यापर्यंत पोचवलं होतं आणि ती गूळ न चिकटणारी काहील आपल्यासाठी बनवायला सांगायला ते आले होते. अप्पांनी त्यांच्याकडं बघितलं, अर्ध्या वाकवलेल्या पत्र्याकडं बघितलं, आणि मग माझ्याकडं. फार वेळ बघितलं. मी खिशातून कापूस काढून कानात घालायला लागलो.

"अप्पा!" अण्णा त्या शेतकऱ्यांकडं बोट दाखवत सगळ्या नाक्याला ऐकू जाईल असं ओरडले. "ह्याच्यासाठीच लवकर बोलवलाव व्हय?"

अप्पांनी उपरणं खांद्यावर नीट केलं.

"व्हय!" ते गरजले.

चहावाल्यानं मान डोलावली. मी कापूस नीट आत ढकलला आणि पत्र्याचं दुसरं टोक धरलं.