झडतीचं पान
कोर्टाची तारीख पडली की एक किस्सा पदरात पडतोच. वर्षभरात इतके साठलेत, की मित्र चहाला बोलावून ऐकतात. हसतात. मीही हसतो. पण समन्स हातात आलं, तेव्हा मी दाराला आतून कडी घातली होती!

सीमेपलीकडच्या कन्नड मुलखात, भालकीत माझा छोटा मराठी छापखाना आहे. खटकचिंचोळीच्या सुधाकर मास्तरांची कादंबरी मी छापली. कोळारच्या एका गोदामाच्या गेटवर कामगार बायांची झडती कशी घेतात, हे त्यात दोन पानांत आहे. कुणीतरी ‘अश्लील’ म्हणून तक्रार केली. मास्तर आरोपी नंबर एक, मी नंबर दोन.

*

जप्तीला आलेल्या हवालदाराला मराठी बोलता यायचं, वाचता नाही.

"अण्णा, घाण कुठल्या पानावर हाय, तेवढं दावा की!"

माझ्याविरुद्धच्या पुराव्याला मीच पेन्सिलीनं खुणा करून दिल्या! घाईत एक खूण अशी घसरली, की आरोपपत्रात आता तुरीच्या राशीचं वर्णनही अश्लील आहे.

*

मुख्याध्यापकांनी मास्तरांना नववीच्या वर्गावरून काढून ग्रंथालयात बसवलं. "पोरांपासून जरा लांब ऱ्हावा."

आठ दिवसांत अख्खी नववी ग्रंथालयाची सभासद झाली!

मास्तरांना मात्र हसू येईना. "नोकरी जायलीय बघा," एवढंच म्हणाले.

*

कोर्टासाठी कन्नड भाषांतर झालं. करणारे निवृत्त गुरुजी भलते सोवळे. अवघड शब्द आला की टिंबं!

आमच्या वकिलांनी कपाळाला हात लावला. "मूळ पुस्तक परवडलं हो! ह्या टिंबांत वाचणारा काय काय भरंल!"

*

साक्षीच्या दिवशी ती दोन पानं मोठ्यानं वाचायची होती. न्यायाधीश म्हणाले, महिलांनी बाहेर थांबावं. बायका उठल्या. मास्तरांची थोरली बहीण सुशीलाअक्का मागच्या बाकावर तशीच बसलेली.

"अक्का, चला भाईर," शिपाई म्हणाला.

ती उभी राहिली, पण दाराकडे वळली नाही.

"साहेब, कोळारला माझी झडती घेतली, तवा समदे गडी बघायले हुते. कुणी भाईर गेलं न्हाई. आता मी कामून जाऊ?"

मास्तरांनी मान खाली घातली. आमचे वकील वर्षभर विचारत होते, त्या दोन पानांतली बाई कोण? मास्तरांनी बहिणीचं नाव सांगितलं नव्हतं.

न्यायाधीशांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. "बसा, अक्का." मग सरकारी वकिलांकडे वळून म्हणाले, "हं, वाचा."

वकिलांनी पुस्तक उघडलं. मागच्या बाकाकडे पाहिलं, आणि पुस्तक पुन्हा मिटलं.