आवाज न घेतलेली हाक

साऱ्या कोकणपट्टीत माइकचा उघड अपमान करणारी बाई एकच झाली, आणि ती म्हणजे आमच्या पाखाडीतल्या, म्हणजे आळीतल्या, काकू. श्रीवर्धनकडच्या आमच्या गावात दर चैत्रात देवीच्या उत्सवाला नाटक होतं. त्यातलं मुख्य काम काकूंचं. वर्षानुवर्षं दुसरं नाव कुणाच्या तोंडात आलं नाही. रंगमंचावर आल्या की आधी पुढ्यातला माइक उचलून विंगेत ठेवत. "मला माणसांशी बोलायचंय, ह्या दांड्याशी नाही," म्हणत. आणि खरंच, सुपारीच्या बागांपलीकडे किनाऱ्यावर जाळी दुरुस्त करत बसलेल्या माणसांना बसल्या जागी नाटक ऐकू जाई. बाजारात मासळीवरून वाद झाला, तर आवाजात कुणाला हार न जाणारी कोळीणसुद्धा हात जोडून म्हणे, "घे बाय, आनी दोन घे, पन गप ऱ्हा!"

मी त्यांचा प्रॉम्प्टर. म्हणजे विंगेत पुस्तक धरून उभा राहणारा बिनकामाचा माणूस, कारण पुस्तकातलं बोलणं काकूंना मान्यच नसे. एकदा आमचा नायक, म्हणजे गावचा पोस्टमन, तिसऱ्या अंकात सगळंच विसरला. मी आतून घसा फोडतोय आणि हा ढिम्म. काकू शांतपणे त्याच्यासमोर उभ्या राहिल्या. "म्हणजे आपलं म्हणणं असं, की..." असं म्हणून त्याचं अख्खं भाषण त्यांनीच करून टाकलं, आणि मग त्यावरून त्यालाच असा फैलावर घेतला की बिचारा खरोखर रडला. सगळा अंक बाईनं एकटीनं ओढला. आणि उत्कृष्ट अभिनयाची ढाल कुणाला? पोस्टमनला! काय तर म्हणे, रडला छान. माझं डोकं असं फिरलं की महिनाभर मी त्याच्या हातून टपाल घेतलं नाही.

गेल्या पावसाळ्याच्या शेवटी काकूंचा घसा बसला तो उठेचना. अलिबागच्या डॉक्टरांनी तपासून सांगितलं, घशात गाठी आहेत. चैत्रापर्यंत तोंड मिटून बसलात तर आवाज परत येईल, नाटकही कराल; ओरडलात तर कायमचा जाईल. झालं, काकू मुक्या झाल्या. पण गप्प? छे! सुनेवर रागावल्या की कढई एकदा आपटत, माझ्यावर रागावल्या की पाखाडीच्या टोकापर्यंत ऐकू जाईल अशी आपटतच राहत. इकडे नाटक मंडळानं काय करावं? वाट बघावी की नाही? नाही! दिवाळी उलटायच्या आत काम दुसऱ्या बाईला देऊन टाकलं, आणि काकूंचा म्हणे शाल-श्रीफळ देऊन सत्कार. अरे, सरळ नारळ दिला म्हणा ना! काकूंनी सत्काराचं निमंत्रण द्यायला आलेल्या मंडळाच्या अध्यक्षांना दारातून आत घेतलं, चहा पाजला, आणि त्यांच्याकडे अशा नजरेनं पाहिलं की तो मनुष्य चपला विसरून घरी गेला.

अशात पुण्याची एक मुलगी गावात उगवली. तिला मूकपट काढायचा होता. आजच्या काळात! जिथे रिक्षावाल्याच्या मोबाइललासुद्धा दम लागेस्तोवर बोलता येतं, तिथे हिला बिनआवाजाचा, काळापांढरा, जुन्या काळासारखा पिक्चर काढायचाय. एसटी स्टँडवर काकू नुसत्या डोळ्यांनी कंडक्टरशी भांडत होत्या, ते पाहून ही तिथेच त्यांच्या पाया पडली. मी भडकलो. ज्या बाईच्या आवाजावर गाव पोसलं, तिला बिनआवाजाची दाखवणार? पण काकूंनी मान डोलावली, आणि मला डोळ्यांनीच दटावलं. डॉक्टरांचं पथ्यही सांभाळलं जाणार होतं, म्हणून मी गप्प बसलो.

महिनाभर सगळं सुरळीत चाललं. शेवटचा प्रसंग दिघीच्या धक्क्यावर होता; गावातून काकूंबरोबर गेलेला मी एकटाच. मुलगा नोकरीला निघालाय, बोट आगरदांड्याच्या दिशेनं सुटलीय, आणि आई धक्क्यावरून हाक मारतेय. "काकू, नुसते ओठ हलवा," पुण्याची मुलगी म्हणाली. "आवाज आपण घेतच नाही आहोत. मनातल्या मनात ओरडा."

काकूंनी ओठ हलवले. तिला आवडलं, मला आवडलं, सगळ्यांना आवडलं. काकूंनी मात्र मान हलवली आणि मला जवळ बोलावून फाटक्या आवाजात कुजबुजल्या, "मनातल्या मनात ओरडायला मी काय नवी सून आहे? गळ्याची शीर फुगत नाहीये. खोटं दिसतंय."

"दिसू दे खोटं! डॉक्टर काय म्हणाले? चैत्र आला जवळ!" मी जवळजवळ त्यांचा हातच धरला.

त्यांनी हात सोडवून घेतला. बोट परत आली, पुन्हा सुटली, आणि काकू धक्क्याच्या कडेपर्यंत धावत गेल्या. "बाळाऽऽ! मागं बघ रेऽऽ!"

काय सांगू तुम्हाला! बोटीवरचं प्रत्येक माणूस वळलं. मागं बघायचं नाही असं बजावलेला तो मुलगाही वळला. बोटवाल्यानं इंजिन मंद केलं. पुण्याची मुलगी 'कट' म्हणायची विसरून रडत बसली. दुसऱ्या हाकेला आवाज चिरला, तिसरी हाक बाहेर आलीच नाही. ती आजतागायत आलेली नाही.

ह्या चैत्रात देवळाच्या पटांगणात, नाटकाच्या आधी, पडदा लावून तो मूकपट दाखवला. धक्का आला, बोट आली, काकूंचं उघडलेलं तोंड आणि गळ्याची ती फुगलेली शीर पडदाभर दिसली. बायका पदरानं डोळे पुसत होत्या. आणि शेवटी अध्यक्ष उठून म्हणतात, "आवाज नसतानासुद्धा काय काम केलंय बाईंनी!"

मी ताडकन उभा राहिलो. "नसताना? अहो, होता! काय आवाज होता! तुम्ही तो—"

शेजारून काकूंनी सदऱ्याला धरून मला खाली बसवलं. तोंड माझ्या कानाशी आणलं. श्वासाइतकंच काहीतरी बाहेर पडलं, ते मला कसंबसं कळलं.

"तू ऐकलंस ना? मग झालं."

झालं कसलं, काकू? तिथे सगळं गाव बसलं होतं, आणि ती हाक ऐकू येत होती ती मला एकट्याला.