डाव्या हाताचे खेळ

शेजारच्या काकांनी घरच्या कॉम्प्युटरवर जुने व्हिडिओ गेम जमवायला घेतले, तेव्हा मला ते रिकामपणाचं खूळ वाटलं. पूर्वी मुलं टीव्हीला जोडून खेळायची, तेच हे खेळ. त्यापायी काकांनी मांडवीच्या किनाऱ्यावर फिरायला जाणंही सोडलं. मी डोकावलो की मान न वळवता म्हणत, "बस रे जरा, हा एक तपासायचा रायलाय."

प्रत्येक खेळ ते उजवा हात मांडीखाली दाबून, एकट्या डाव्या हाताने खेळून बघत. काकूंचा उजवा हात अर्धांगवायूने गेला होता. लागतील ती सगळी बटणं काकांनी डाव्या हाताच्या बोटांखाली आणली होती. तरीही जो खेळ त्यांना स्वतःला जमला नाही, तो ते काढून टाकत. "उगाच हरेल नि दिवसभर गप्प बसेल," एवढंच म्हणत.

एका संध्याकाळी काकू खेळत होत्या. पडद्यावरचा माणूस मोडक्या पुलावरून उड्या मारत चालला होता. काकांनी हळूच खेळाचा वेग कमी केला.

"अहो, हळू केलात ना?"

"छे गो."

"होता तसा करा."

काकांनी माझ्याकडे पाहिलं. शेवटी त्यांनी वेग पूर्ववत केला आणि दुसऱ्याच उडीला तो माणूस नदीत पडला. काका कॉम्प्युटर बंद करायला उठले.

"बसा तिथेच," म्हणत काकूंनी खेळ पुन्हा सुरू केला.

माणूस पुन्हा पडला. काका खुर्ची जवळ ओढत म्हणाले, "उडी लवकर मारलीस गो."